दगडाचं वाक्य

मी गवळ्याची लेक. कोल्हापुरात मंगळवार पेठेत जन्मले, तिथंच वाढले आणि लग्न होऊन गेले तीसुद्धा त्याच गल्लीत, तीन घरं सोडून, त्यामुळं माहेरची म्हैस ओरडली तरी मला सासरी कळतं की हिची वैरण संपली. मला बोलायची सवय नाही. आमच्या घरात बोलायचं काम आईचं आणि गप्प बसायचं काम वडिलांचं, म्हणजे आबांचं, आणि माझं, असंच पहिल्यापासून चालत आलंय. पण तुम्ही माझ्या भावाचं विचारलंत, दत्तूचं, म्हणून सांगते, कारण लोक त्याच्याबद्दल काहीही सांगतात, कुणी म्हणतं पुढारी होता, कुणी म्हणतं पोराचं डोकं फिरलं होतं, आणि तो स्वतः तर काहीच सांगत नाही.

आमचा धंदा म्हशींचा. सकाळ-संध्याकाळ आबा म्हशी घेऊन चौकातल्या दुधाच्या कट्ट्यावर जायचे, अजून जातात, आणि गिऱ्हाईक समोर उभं असताना धार काढायची, पेला भरून फेसाचं दूध, कोमट, तिथंच उभ्यानं प्यायचं. तालमीतली पोरं येतात, म्हातारी माणसं येतात, कचेरीला जाणारे येतात. घरी न्यायचं असेल त्यानं तांब्या आणायचा. डोळ्यांसमोर काढलेलं दूध, त्यात पाण्याचा प्रश्नच नाही, आणि काय सांगू तुम्हाला, आबांना त्याचा केवढा अभिमान. एकदा स्टेशनाजवळचा एक हॉटेलवाला त्यांना म्हणाला, गवळी, कालच्या दुधात पाणी होतं, तू नुसतं व्हय म्हण, मी कुणाला सांगत न्हाय, दूध पण तुझंच घेतो, फक्त व्हय म्हण. आबांनी दुसऱ्या दिवशी म्हैस सोडली, भर बाजारातून चालवत त्याच्या दारात नेली, सगळ्या गिऱ्हाइकांच्या देखत धार काढली, चरवी त्याच्या टेबलावर ठेवली आणि म्हणाले, आता बोल. तो हॉटेलवाला हसायला लागला, म्हणाला, अहो मी चेष्टा केली. आबांनी चरवी उचलली आणि त्या हॉटेलचं दूध स्वतःच बंद केलं. मी तेव्हा लहान, रेडकाची दोरी धरून बरोबर होते, म्हणून मला ठाऊक.

शाळेत मी चौथीपर्यंत गेले. तेव्हा संस्थान होतं अजून, महाराजांचं राज्य. मला शाळा आवडायची, जोडाक्षरं तर फारच आवडायची, का ते सांगता येत नाही. चौथीत होते आणि आईला मुदतीचा ताप आला, अंथरुणाला खिळली, मग घरोघरचा रतीब कोण घालणार, तर मी. आधी चार दिवस, मग महिना, मग नाव निघालं. आमच्या शाळेतल्या बाई घरी आल्या, म्हणाल्या, मुलीचं डोकं चांगलं आहे, सातवी तरी होऊ दे, उद्या मास्तरीण होईल. आई अंथरुणातनं म्हणाली, व्हईल की हो बाई, उद्या मास्तरीण व्हईल, पर आजचं दूध कोण घालतंय, तुमी घालताय? बाई चहा न घेताच गेल्या. दत्तू तेव्हा दुसरीत होता. मग मुलगा शिकेल असं ठरलं. ठरलं म्हणजे कुणी बसून ठरवलं नाही.

मी घरामागच्या परड्यात शेणी थापायची आणि तो भिंतीला टेकून धडा वाचायचा. मोठ्यानं वाच, मोठ्यानं वाचलं की पाठ होतं, असं मी त्याला सांगायची, खरं म्हणजे मला ऐकायचं असायचं. इतिहास, भूगोल, कविता, सगळं मी तसंच ऐकलं, शेणानं भरलेल्या हातांनी. पुढं तो हायस्कुलात गेला, इंग्रजी वाचायला लागला, ते मला कळायचं नाही, तरी मी म्हणायची वाच, वाच, आवाज येऊ दे. माझं लग्न झालं तरी मी त्याच्या वाचायच्या वेळेला माहेरच्या परड्यात हजर. सासू म्हणायची, हिला सासर दिलंय का शेजार दिलाय? दत्तू मॅट्रिक झाला तेव्हा आबांनी म्हशीच्या शिंगांना दिवाळी पाडव्याचे गोंडे काढून बांधले, पाडवा नसताना, आणि तशीच तिला कट्ट्यावर नेली. लोकांनी विचारलं, आज काय सण? आबा म्हणाले, हाय. एवढंच बोलले. मग तो कॉलेजात गेला, आमच्या गल्लीतला पहिला. तो सदरा घालून निघायचा तेव्हा मला वाटायचं, अर्धी मीच चाललेय.

मग ती चळवळ सुरू झाली. मराठी बोलणाऱ्यांचं एक राज्य व्हावं आणि मुंबई त्यात असावी, एवढं मला कळायचं. मुंबईत गोळीबार झाला, माणसं मेली, आणि आमच्याकडंही दुकानं बंद, शाळा बंद, मिरवणूक काढायची नाही असा हुकूम निघाला. कॉलेजच्या पोरांनी काढली. चौकात पोलिसांनी अडवल्यावर पोरं खाली बसली, बसलेल्या पोरांवर लाठ्या पडल्या आणि दत्तूला बाकीच्यांबरोबर गाडीत घालून तुरुंगात नेलं. आई ऊर बडवून रडली. आबा म्हणाले, चोरी न्हाय केली त्यानं, येईल. आणि खरंच, चार-सहा दिवसांनी पोरं एकेक करून सुटायला लागली. वकिलाचा पोरगा आला, पेठेतल्या मास्तरांचा आला. दत्तू येईना. मी त्या मास्तरांच्या पोराला वाटेत गाठलं, म्हटलं, आमचा कुठं हाय? तो खाली बघून म्हणाला, आक्का, एक कागद देतात, त्यावर सही केली की सोडतात, दत्तू सही करत न्हाय. कसला कागद ते त्यानं सांगितलं नाही आणि तो भराभरा पुढं निघून गेला.

आता गंमत ऐका. तुरुंगावरचे एक हवालदार आमचे रोजचे गिऱ्हाईक, सकाळी कट्ट्यावर येऊन पेलाभर दूध घ्यायचे. ते एक दिवस पेला हातात घेऊन आबांना हळूच म्हणाले, आबा, तुमचा दत्तू काय खाईना झालाय. भाकरी परत पाठवतोय. काल साहेबांनी मुद्दाम दूध पाठवलं, त्याला बी त्वांड लावलं न्हाय. आबांनी धार थांबवली. म्हणाले, दूध कुठलं? हवालदार म्हणाले, कुठलं म्हंजे, तुरुंगातलं. आबा म्हणाले, मग कसा पिईल? हितं थानाखालचं पिऊन वाढलेलं प्वार ते, त्याला पाणी घातलेलं दूध देताय? हवालदारांना हसावं का रडावं कळेना. ते म्हणाले, आबा, तसं न्हाय हो. पण आबा कुणाचं ऐकतात! त्यांच्या डोक्यात ते पक्कं बसलं, पोरगं दूध चांगलं न्हाय म्हणून पीत न्हाय. घरी येऊन आईला तेच सांगितलं आणि आईनंही ते खरं मानलं, कारण दुसरं काही मानण्यापेक्षा ते मानणं तिला बरं वाटलं असावं. मला संशय होता. मी म्हटलं, आबा, त्यानं उपोषण धरलं असंल. आबा म्हणाले, उपास करायला ती काय एकादशी हाय? तू रेडकू सोड.

अशी आम्ही निघालो, आबा, म्हैस, रेडकू, मी, आणि माझ्या कडेवर माझी लेक, तेव्हा ती पाळण्यातली. गल्लीतली माणसं बघायला लागली, चौकापर्यंत मागं पन्नास-शंभर जण झाले असतील. तुरुंगाच्या दारात पहाऱ्यावरचा पोलीस म्हणाला, आबा, म्हशीनं काय गुन्हा केला? मागनं कुणीतरी ओरडलं, मिरवणुकीत व्हती ती, मीच बघितली. दुसरा म्हणाला, हिला जामीन कोण ऱ्हाणार, रेडकू? सगळे हसले. मला लाजेनं मेल्यासारखं झालं, पदर तोंडावर ओढून मी भिंतीकडं तोंड करून उभी राहिले. आबा मात्र शांत. म्हणाले, माझ्या पोराला भायेर आणा, मी त्याच्या म्होरं धार काढतो, पिऊ दे त्याला, मी जातो.

आतले साहेब भले होते की हुशार होते ते मला आजही ठरवता येत नाही. गर्दी बघून ते बाहेर आले, आबांना बघितलं, म्हशीला बघितलं, आणि म्हणाले, आणा त्या मुलाला. त्यांना वाटलं असेल, बापाचं ऐकेल.

दत्तूला दोघांनी धरून आणलं. किती दिवस तो उपाशी होता ते मला नीट सांगता येणार नाही, पण मानेची हाडं दिसत होती आणि डोक्याला लागलेलं होतं तिथं केस चिकटून काळे झाले होते. आबांनी त्याच्याकडं एकदाच बघितलं आणि खाली बसले. म्हैस गर्दीला बुजलेली, पान्हा सोडेना. आबा तिच्या कासेवरनं हात फिरवत राहिले, रेडकू पुढं लावलं, मी तिची मान खाजवली, आणि सगळी माणसं, पोलीससुद्धा, गप्प झाली, म्हशीच्या दुधाची वाट बघत. मग धार लागली. चरवीत तो आवाज यायला लागला आणि मी दत्तूकडं बघितलं तर त्याच्या घशाची घाटी वरखाली होत होती.

आबांनी पेला भरून पुढं केला. म्हणाले, घे, पाणी न्हाय त्यात. तुझ्या म्होरं काढलंय.

दत्तू म्हणाला, आबा, दूध वाईट म्हणून न्हाय.

मग कशापायी? आबांनी विचारलं, आणि ते त्यांनी इतकं साधेपणानं विचारलं, की मघाशी हसणारी माणसं खाली बघायला लागली.

दत्तू सांगायला लागला, तोच साहेब पुढं झाले. म्हणाले, हे बघा आबा, मुलगा हट्टी आहे. एका कागदावर सही करायची आहे, बाकी काही नाही. सही केली की दूध प्यावं, तुमच्याबरोबर घरी जावं, परीक्षा तोंडावर आली आहे, परीक्षा द्यावी. मला काय त्याचं वाईट करायचंय? तुम्ही वडील आहात, तुम्ही सांगा. आणि कागद आबांच्या हातात दिला. आबांना वाचता येत नाही. त्यांनी तो कागद जसाच्या तसा माझ्यापुढं धरला आणि म्हणाले, वाच.

तिथं वाचता येणारी दुसरी माणसं नव्हती असं नाही, साहेबच होते. पण दत्तू सोडला तर आमच्या घरातली वाचता येणारी मीच. मी लेकीला खाली ठेवलं आणि कागद घेतला.

आता हे नीट ऐका. मोठ्यानं वाचायच्या आधी मी तो सगळा मनातल्या मनात वाचला. पहिल्या ओळीत नाव, गाव. खाली होतं, यापुढे मी अशा कामात भाग घेणार नाही. ते ठीक होतं, ते कुणीही लिहून देईल. पण मध्ये एक वाक्य होतं, की आम्ही विद्यार्थ्यांनी पोलिसांवर दगड मारले, म्हणून त्यांना लाठ्या चालवाव्या लागल्या, याबद्दल आमची चूक झाली. आणि मला कळलं. दुधाचं कळलं, हे खोटं वाक्य खोडा म्हणून धरलेल्या उपासाचं कळलं, मास्तरांच्या पोरानं खाली का बघितलं ते कळलं. आबांना हे वाक्य ऐकवलं तर काय होणार तेही मला कळलं, कारण त्या हॉटेलच्या दारात रेडकू मीच धरलं होतं. आणि नाही ऐकवलं तर? पुन्हा असं करणार न्हाय एवढंच लिवलंय, असं मी म्हटलं असतं, तर आबा म्हणाले असते, कर सही, आणि दत्तूनं आबांचा शब्द जन्मात मोडला नव्हता. साहेब काही बोलले नसते, ते माझ्याकडंच बघत होते, त्यांनी मान थोडी हलवलीही. दत्तू माझ्याकडं बघत नव्हता, तो म्हशीच्या पायाकडं बघत होता.

मला काय वाटत होतं सांगू? मला तो घरी पाहिजे होता. मला त्याची परीक्षा पाहिजे होती. त्या परीक्षेत माझं काही नव्हतं असं कुणी म्हणावं! मी शाळा सोडली तिथनं त्यानं ती धरली, त्याच्या पुस्तकातला धडा न् धडा मी शेणाच्या हातांनी ऐकला होता, आणि तो आता एका वाक्यासाठी ते सगळं टाकून देणार, मला न विचारता. मनात आलं, हे माझंपण आहे, मी का नाही वाचवायचं?

मग मी वाचायला लागले. बोट ठेवून, एकेक शब्द, शाळेत बाई वाचून घ्यायच्या तसं. नाव वाचलं, गाव वाचलं, आणि ते वाक्य आलं. मला दुसरं काही वाचता आलं नाही हो. कागदावर जे होतं तेच तोंडातून आलं. मी मोठ्या मनानं वाचलं, धीरानं वाचलं, असं काही नाही. दगड आला, मी दगड वाचला.

आबा म्हणाले, दगड मारलास तू?

न्हाय, आबा.

दुसऱ्या कुणी?

न्हाय. आमी बसलेलो.

आबा उठले. साहेबांना हात जोडून म्हणाले, साहेब, प्वार न्हाय म्हणतंय. न मारलेला दगड मारला म्हणून कसं लिवायचं? साहेब म्हणाले, अहो, मुलाची परीक्षा जाईल, जीवही जाईल. आबांनी दत्तूकडं बघितलं. माझ्या आबांना मी त्या दिवशीएवढं म्हातारं कधी बघितलं नाही. म्हणाले, त्याला ठाऊक असंल की ते. मग पेला चरवीत ओतला, म्हशीची दोरी धरली आणि चालायला लागले. गर्दी दोन बाजूंना झाली. कुणी घोषणा दिली नाही.

घरी आई दारात. प्यायला का? आबा म्हणाले, न्हाय, आणि पिणार बी न्हाय. त्या दिवसापासून आईचा रोज उपास. सोमवारी म्हणायची महादेवाचा, मंगळवारी अंबाबाईचा, शनिवारी मारुतीचा, रविवारी जोतिबाचा. बुधवारी मी विचारलं, आज कुणाचा? तर म्हणाली, तुला काय करायचंय, देवांची काय कमी हाय?

पुढं वरनं हुकूम आला आणि उरलेली सगळी पोरं सोडली. सही न घेता सोडली. ते वाक्य कुणी खोडलं नाही आणि दत्तूनं लिहिलंही नाही. टांग्यातनं उतरवून घेतला तर अंगाला हात लागला की हाड लागायचं. परीक्षा होऊन गेली होती. कॉलेजात गेला तर तिथंही सांगितलं, तसंच लिहून दे, मग नाव घालू. तो परत आला, सदरा खुंटीला अडकवला आणि दुसऱ्या दिवशी आबांबरोबर कट्ट्यावर गेला. पोट मात्र कायमचं गेलं त्याचं. भाकरी चालते, पेज चालते, दूध चालत नाही. घोटभर घेतलं तरी कळ मारते. गवळ्याच्या पोराला दूध पचत नाही, गिऱ्हाईक चेष्टा करतं, दत्तू, तूच पीत न्हाईस तर आमी कसं प्यायचं? तो म्हणतो, तुमच्या म्होरं काढतोय की.

मी त्याच्याशी बरेच दिवस नीट बोलत नव्हते. रागच होता. सही केलेली पोरं पास झाली, एक वकिलीला गेला, एक कचेरीत लागला, सगळी कट्ट्यावर येतात दूध प्यायला आणि हा त्यांचे पेले भरतो. आणि मला वाटायचं, याला मी अडवू शकले असते. अडवायला पाहिजे होतं की नव्हतं, हे मी शेणी थापताना, भाकरी करताना, लेकीला निजवताना किती वेळा डोक्यात फिरवलं असेल. त्याला विचारायचा धीर होत नव्हता.

यंदाच्या पाडव्याला विचारलं. म्हशी धुऊन आणल्या होत्या, तो शिंगं रंगवत होता, मी गोंडे ओवत होते. आता मराठी राज्य होणार असं सगळे म्हणायला लागलेत, कुणीतरी जाता जाता त्याला तसं ओरडून सांगितलं, त्यानं नुसता हात वर केला. मी म्हटलं, दत्तू, त्या दिवशी मी ते दगडाचं वाक्य गाळलं असतं तर?

तो रंगवत राहिला. मग म्हणाला, आक्का, खरं सांगू? त्या दिवशी माझ्यात काय ऱ्हायलं न्हवतं. धारेचा आवाज ऐकला आणि सगळं संपलं. आबा कर म्हणाले असते तर मी सही केली असती. तू वाचायला लागलीस तवा मी मनात म्हणत होतो, गाळ, आक्का, गाळ ते.

माझ्या हातातली सुई थांबली. म्हटलं, मग माझ्याकडं बघायचंस तरी. खूण करायचीस.

तो म्हणाला, केली असती तर तू गाळलं असतंस. म्हणून बघितलं न्हाय.

मी रडले नाही. गोंडा पुरा केला, त्याला दिला, त्यानं बांधला. त्याचं शिक्षण गेलं ते गेलं, माझं त्यातलं जे होतं तेही गेलं, त्याचं मला वाईट वाटत नाही असं मी देवापुढंसुद्धा म्हणणार नाही. पण आता त्याच्याशी नीट बोलते. अंबाबाई त्याला औक्ष देवो, त्याच्या पोटाची कळ तेवढी कमी करो, दुसरं काही मागणं नाही. सांगायचं होतं ते सांगितलं. आता मला उठू द्या, धारेची वेळ झाली, आबांच्यानं हल्ली खाली बसवत नाही आणि दत्तू एकटा आहे.